इंटरेस्टिंग, अर्थात बिनमुद्दली व्याज

मी बँकेत कारकून आहे. 'इंटरेस्ट' या शब्दाशी माझा संबंध बावीस वर्षांचा आणि सौभाग्यवतींशी सतरा. पैकी शब्दाबद्दल चारचौघांत बोलायचा मला अधिकार आहे असं मी मानतो. दुसऱ्या बाबतीत बोलायचा अधिकार कोणाचा, ते घरात ठरलेलं आहे.

तेव्हा स्पष्टच सांगतो. 'इंटरेस्टिंग' हा शब्द मराठी माणसाच्या तोंडून हद्दपार झाला पाहिजे. निवेदन द्या, मोर्चा काढा, वाटल्यास त्याला पंगतीत वाढू नका, पण घालवा.

आता लगेच कुणी माझ्या कपाळावर भाषाशुद्धीचा टिळा लावू नये. शिवाजीमहाराजांनी रघुनाथपंत हणमंत्यांकडून राज्यव्यवहारकोश करवून घेतला, सावरकरांनी आपल्याला 'महापौर' आणि 'दिनांक' दिले, हे मला ठाऊक आहे आणि तिथे मी हात जोडतो. पण माझा प्रपंच काउंटर, पासबुक, चेक आणि ड्राफ्ट यांच्यावर चालतो. परक्या शब्दांशी भांडण मला परवडणार नाही. माझं म्हणणं इतकंच की घरी आलेल्या पाहुण्यानं निदान पाट उचलावा. 'टेबल' आलं, त्यानं टेबलाचं काम केलं. 'तिकीट' आलं, त्यानं आम्हाला बुवापाड्यातून निघून अंबरनाथ स्टेशनवरून रोज मुंबईला नेलं. 'इंटरेस्टिंग' आलं, आणि आमचं होतं तेवढं बोलणंही त्यानं बंद पाडलं.

पुरावा देतो. मागच्या हिवाळ्यात आमच्या मेव्हण्यांचे साडू अमेरिकेहून आले होते. पाहुण्याला अंबरनाथमध्ये दाखवण्यासारखं काय, याचा आम्हाला कधी विचार करावा लागत नाही. रेल्वेचा पूल ओलांडला की पलीकडे शिवमंदिर. शिलालेखात शके ९८२ आहे, म्हणजे इसवी सन १०६०. शिलाहारांच्या काळातलं काम. बाहेरच्या भिंतींवर बोटभर जागा कारागिरानं मोकळी सोडलेली नाही, आणि गाभारा वर नाही तर पायऱ्या उतरून खाली आहे. वर पाहिलं तर उघडं आकाश. मी लहानपणापासून शेकडो वेळा तिथे गेलो असेन, पण त्या पायऱ्या उतरताना आजही पायांना आपोआप हळू व्हावंसं वाटतं.

साडूसाहेबांनी साडेनऊशे वर्षांचा तो दगड डोळे भरून (चार सेकंद) पाहिला आणि म्हणाले, "इंटरेस्टिंग!"

मी पुढच्या वाक्याची वाट पाहिली. पुढचं वाक्य आलं, "इथे वडापाव कुठे चांगला मिळतो?"

वडापावाबद्दल मला राग नाही. उलट वडापाव खाल्ल्यावर ते जे बोलले ते ऐकण्यासारखं होतं. "चटणी झणझणीत आहे, बटाटा थोडा मऊ झालाय, पण लसूण सुरेख लागलीय." पाहा! माणूस मुका नव्हता. जिथे जीव होता तिथे त्याला शब्दांचा तोटा नव्हता. तो एकच शब्द त्यानं वापरला, कारण तिथे जीव नव्हता.

एकदा हे कळलं की मग सगळीकडे दिसायला लागतं. रांग कमी व्हावी म्हणून मी एकदा साहेबांना चार पानांची योजना लिहून दिली. साहेब म्हणाले, "इंटरेस्टिंग!" आणि ती खालच्या खणात गेली. तो खण आमच्याकडच्या लॉकरपेक्षा सुरक्षित आहे. तिथून आजवर काहीही बाहेर आलेलं नाही. पुतण्यानं कविता वाचून दाखवली, काका म्हणाले "इंटरेस्टिंग". शेजारच्या वहिनींनी दुधीत अननस घातला, आम्ही सर्वांनी "इंटरेस्टिंग" म्हणून पाण्याचा तांब्या पुढे ओढला. लग्न जमवणाऱ्या संकेतस्थळांवर तर आता स्थळ येत नाही, 'इंटरेस्ट' येतो. आमचे एक सहकारी परवा आनंदानं सांगत होते, "मुलीला तीन इंटरेस्ट आले." सवयीनं माझ्या तोंडून गेलं, "सहामाही की वार्षिक?"

या शब्दाचं मूळ गाव लॅटिन. 'इंटरेसे' म्हणजे मध्ये असणं, फरक पडणं. मध्ययुगात युरोपात उसन्या पैशावर व्याज घेणं चर्चला मंजूर नव्हतं. पण पैसे वेळेवर परत आले नाहीत तर झालेलं नुकसान भरून मागता येई, त्या भरपाईला हा शब्द लागला. तिथून तो बँकेत आला. आणि ज्या गोष्टीनं आपल्याला काही फरक पडतो ती 'इंटरेस्टिंग', हा साधा हिशेब. आज ज्या गोष्टीनं आपल्याला काडीचाही फरक पडत नाही, नेमकी तिलाच आपण तो शब्द लावतो. याला आमच्या खात्यात चुकीची नोंद म्हणतात आणि ती करणाऱ्याला मेमो मिळतो.

त्याची भावंडंही सारखीच. 'फॅसिनेटिंग'चं मूळ चेटूक करण्यात, नजर बांधण्यात आहे. म्हणजे खरं तर तो शब्द ऐकल्यावर मीठमोहऱ्या ओवाळून टाकायला हव्यात. 'इंट्रीगिंग'च्या घरी कारस्थान. एवढे दांडगे शब्द, आणि आपण ते चहात बुडवलेल्या बिस्किटासारखे मऊ करून खातो.

यावर आमचा 'व्याज' हा शब्द काय म्हणतो पाहा. संस्कृतात व्याज म्हणजे बहाणा, कपट. निंदेच्या मिषानं स्तुती किंवा स्तुतीच्या मिषानं निंदा केली की तिला अलंकारशास्त्रात व्याजस्तुती म्हणतात. म्हणजे 'इंटरेस्टिंग'चं भाषांतर शोधायला कोश नकोच. तो शब्द म्हणजे शुद्ध व्याजस्तुती. आपल्या पूर्वजांनी सावकाराला आणि साडूंना एकाच शब्दात ओळखून ठेवलं होतं.

"बरं, मग पर्याय द्या," असं तुम्ही म्हणणार. चित्तवेधक? रोचक? हे शब्द मी छापलेले पाहिलेत, पण कुणाच्या तोंडून पडलेले ऐकले नाहीत. दुधीत अननस खाऊन "अहाहा, चित्तवेधक!" म्हणणारा माणूस मला भेटला तर त्याचं खातं मी रांगेविना उघडून देईन.

पण वाचकहो, गंमत अशी आहे की मराठीला इथे विशेषणाची गरजच कधी भासली नाही. आपल्याकडे क्रियापदं आहेत. माणूस रमतो, रंगतो, गुंगतो, हरखतो, जागच्या जागी खिळतो. तहानभूक विसरतो. त्याला वेड लागतं, चटक लागते, त्याचं भान हरपतं. या सगळ्यांत काही तरी होतं ते पाहणाऱ्याला. म्हणजे आधी स्वतःला तिथे गुंतवावं लागतं. 'इंटरेस्टिंग'मध्ये जे काही असतं ते त्या वस्तूत. आपण मात्र बाहेर, खिशात हात घालून. बँकेचा पहिला धडा असा की व्याज हवं तर आधी मुद्दल ठेवावं लागतं. पूर्वी बचत खात्यात महिन्याच्या दहा तारखेपासून अखेरपर्यंत जी सर्वांत कमी शिल्लक असे तिच्यावर व्याज मिळे. १ एप्रिल २०१० पासून ते रोजच्या शिलकेवर मोजतात. पण शिल्लक शून्य असेल तर दोन्ही पद्धतींनी उत्तर एकच येतं. 'इंटरेस्टिंग' म्हणणारा माणूस लक्षाचं मुद्दल एक पैसाही ठेवत नाही आणि व्याजाची पावती मात्र फाडून देतो.

इथे थांबलो असतो तर लेख बरा झाला असता. पण एक नोंद माझ्याही नावावर आहे.

माझे वडील काड्यापेटीच्या कारखान्यात होते. तीन महिन्यांपूर्वी एका रात्री वीज गेली. मेणबत्ती लावताना बाबांनी काडी ओढली, तिच्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "ही काडी मेणात बुडवलेली असते, माहीत आहे? गूल पेटतो आणि विझतो. मेण नसेल तर आग लाकडाला धरतच नाही. आणि आधी तो ओंडका फिरवून..."

मी मोबाइलवर मॅचचा स्कोअर पाहत होतो. म्हटलं, "इंटरेस्टिंग."

बाबा थांबले. "हो ना," म्हणाले आणि काडीपेटी फळीवर ठेवली. एवढंच. त्यांनी राग धरला नाही. खातं बंद केलं, इतकंच.

या शब्दाविरुद्ध मी शस्त्र उपसलं त्याचं खरं कारण हे. परवाच्या रविवारी मी स्वतःहून म्हणालो, "बाबा, त्या ओंडक्याचं काय सांगत होता तुम्ही?"

"छे, कुठे काय. तुला त्यात कसला इंटरेस्ट?"

माझ्याजवळ उत्तर नव्हतं. पण आमची धाकटी, वय वर्षं नऊ, मध्येच म्हणाली, "कुठला ओंडका, आजोबा?"

"काड्यांचा. तो यंत्रावर फिरवायचा. पेन्सिल तासतो तसा लाकडाचा लांबच लांब पापुद्रा निघतो."

"मग?"

"मग त्याचे तुकडे. तुकड्यांच्या काड्या."

"मग?"

एवढा लेख लिहून मला न सापडलेला शब्द पोरीला आधीच ठाऊक होता. दोन अक्षरं. त्याला कोश लागत नाही, समिती लागत नाही. फक्त खोटं बोलून तो वापरता येत नाही, कारण 'मग?' म्हटलं की पुढचं ऐकावं लागतं.

रात्री साडेदहापर्यंत आम्ही कारखान्यातच होतो. लाल फॉस्फरस काडीला नसतो, पेटीच्या कडेला असतो, हेही मला वयाच्या चाळिशीनंतर माझ्याच घरात कळलं. आमटी दोनदा गरम झाली. शेवटी सौ. दारात येऊन म्हणाली, "अहो, जेवायचं विसरून कसलं एवढं ऐकत बसलाय?"

माझ्या तोंडात तो शब्द अगदी दातांपर्यंत आला होता. जीभ चावली आणि म्हणालो, "तूही बस."