वयोवृद्ध : नीट लिहू या, नीट समजून घेऊ या



आज एकाच शब्दाबद्दल लिहितेय. शब्द आहे ‘वयोवृद्ध’. मुलांच्या वह्यांत, सत्कार समारंभाच्या बॅनरवर, सोसायटीच्या सूचना फलकावर आणि आपल्या शिक्षकांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवरही हा शब्द नाना रूपांत भेटतो. वयोवृध्द, वयवृद्ध, वयोव्रुद्ध, वयोवृद्द. त्यातही ‘वयोवृध्द’ इतकं सर्रास झालंय की बरोबर लिहिलेलं ‘वयोवृद्ध’ बघून एखाद्या पालकाला वाटावं, बाईंचंच काहीतरी चुकलंय!

यावर आपला ठरलेला उपाय म्हणजे लाल पेनाने गोल करायचा आणि खाली ‘दहा वेळा लिही’. माझं स्पष्ट मत आहे की हा शब्द दहा वेळा लिहून येत नाही, एकदा उलगडून दाखवला की येतो. आणि उलगडून दाखवला की शुद्धलेखनापेक्षा बरंच जास्त काहीतरी मुलांच्या हाती लागतं.

शब्दाची फोड

शब्दाचे दोन भाग आहेत, वयः आणि वृद्ध. विसर्गाच्या आधी ‘अ’ आणि पुढे मृदू व्यंजन आलं की संधीत त्याचा ‘ओ’ होतो. म्हणून वयः + वृद्ध = वयोवृद्ध. चौथीच्या मुलाला हा नियम पाठ करायला लावू नका. त्याच्यासमोर फक्त याच कुटुंबातले शब्द ठेवा : वयोगट, वयोमान, वयोमर्यादा, मनोरंजन, तपोवन, सरोवर. ‘वयगट’ म्हणतो का आपण? नाही. मग ‘वयवृद्ध’ही नाही. मुलं हे चटकन पकडतात. जरा मोठ्या मुलांना ‘अधोगती’ आणि ‘अधःपतन’ ही जोडी द्या. पुढे ‘ग’ आला तर ओ झाला, ‘प’ आला तर विसर्ग तसाच राहिला. नियम त्यांचा त्यांनाच सापडू द्या.

‘वृ’चं कारण वेगळं आहे. आपण मराठी माणसं ऋ चा उच्चार ‘रु’सारखा करतो, म्हणून कानाने ऐकून लिहिणारं मूल ‘व्रुद्ध’ लिहितं. मोबाईलवर इंग्रजी अक्षरांतून मराठी टाइप करणाऱ्यांचंही तेच होतं. वृक्ष, वृत्त, कृती, गृह, मृग यांच्या रांगेत ‘वृद्ध’ बसवला की हा गोंधळ निवळतो.

द आधी की ध आधी?

खरी अडचण इथे आहे. छापील ‘द्ध’ बघा. द च्या पोटाशी छोटासा ध लटकलेला असतो आणि मुलाला कळतच नाही की आधी कोण. शिवाय ध ला दंड आहे, तो काढला की अर्धा ध लगेच तयार होतो : ध्यान, ध्वज, मध्य. द ला असा दंड नाही, त्यामुळे अर्धा द लिहिणं हाताला अवघड जातं. हात सोप्या वाटेने जातो आणि ‘ध्द’ होतं.

यावर एक सोपी कृती करून घ्या. तोंडासमोर तळहात धरून ‘वृद्ध’ म्हणायला सांगा. हवेचा झोत शेवटी लागतो. म्हणजे आधी जीभ द वर अडते आणि मग ध सुटतो. आता ‘ध’ आधी आणि ‘द’ नंतर असं म्हणून बघा म्हणावं. जीभ अडखळते, वर्गात हशा पिकतो आणि मुद्दा लक्षात राहतो. फळ्यावर सुरुवातीला ‘वृद्‌ध’ असं पाय मोडून लिहा, ओळख पटली की जोडाक्षराकडे वळा.

मग पूर्ण कुटुंब उभं करा : बुद्ध, शुद्ध, युद्ध, सिद्ध, श्रद्धा, पद्धत, उद्धार, प्रसिद्धी. संस्कृतमधून आलेल्या एकाही शब्दात ‘ध्द’ हे जोडाक्षर नाही. एवढं एक वाक्य लक्षात ठेवलं तरी डझनभर शब्द आपोआप दुरुस्त होतात. गंमत म्हणजे त्यात ‘शुद्धलेखन’ हा शब्दही येतो. शुद्धलेखनाच्या वहीवरच ‘शुध्दलेखन’ लिहिलेलं असेल, तर आत काय तपासायचं?

एखादं चौकस पोर विचारतंच, “मग जख्ख म्हातारा कसं? तिथे तर ख ला ख जोडलाय!” शाबासकी द्या त्याला. जख्ख, लख्ख, मख्ख हे आपले देशी शब्द. ते रूढीप्रमाणे लिहिले जातात. वरचा नियम संस्कृतमधून जसेच्या तसे आलेल्या शब्दांचा.

वृद्ध म्हणजे वाढलेला

आता अर्थाकडे येऊ, कारण माझ्या दृष्टीने सगळ्यात महत्त्वाचं हेच. ‘वृध्’ या धातूचा अर्थ वाढणे. त्याच्यापुढे ‘त’ प्रत्यय लागून ‘वृद्ध’ झाला. वृद्धी, वृद्धिंगत, वर्धन, वर्धिष्णू, वर्धापनदिन हे सगळे त्याच घरचे. शाळेचा वर्धापनदिन साजरा करताना आपण शाळा वाढली म्हणून आनंद मानतो. आजोबांच्या ‘वृद्ध’ असण्यातही तोच धातू आहे. वयोवृद्ध म्हणजे वयाने वाढलेला.

झिजण्याचे शब्द संस्कृतात वेगळे आहेत : जरा, जर्जर, जीर्ण. ते ‘जॄ’ या दुसऱ्या धातूपासून आले. म्हणजे म्हातारपणाकडे बघायच्या दोन नजरा भाषेने आपल्याला दिल्या, एक झिजण्याची आणि एक वाढण्याची. वाडा जीर्ण होतो. माणसाला आपण वृद्ध म्हणतो. म्हणूनच पडक्या वाड्याला कुणी ‘वयोवृद्ध वाडा’ लिहिलं तर ते खटकायला हवं.

आणखी एक. वाढणं फक्त वयाचंच असतं असं नाही, म्हणून ‘ज्ञानवृद्ध’ हाही शब्द आहे. हे समजवायला चांगदेवांची गोष्ट हाताशी आहेच. चौदाशे वर्षं जगलेले चांगदेव, आणि त्यांनी जिला गुरू मानलं ती लहानगी मुक्ताबाई. चांगदेव वयोवृद्ध, मुक्ताबाई ज्ञानवृद्ध. अशी गोष्ट सांगितली की व्याख्या द्यावी लागत नाही. दोन्ही एकाच माणसात बघायचं असेल तर महर्षी धोंडो केशव कर्वे. जन्म १८५८, निधन १९६२, म्हणजे १०४ वर्षांचं आयुष्य. स्त्रीशिक्षणासाठी झिजलेल्या या माणसाला १९५८ साली, शंभराव्या वर्षी, भारतरत्न मिळालं.

कुठे कोणता शब्द?

‘ज्येष्ठ’ म्हणजे वयाने किंवा मानाने मोठा. (हाही ‘जेष्ठ’ असा चुकीचा लिहिला जातो. ज ला य जोडलेला आहे, विसरू नका.) ज्येष्ठ कुणाच्या तरी तुलनेत असतो. दहा वर्षांची ताईसुद्धा सात वर्षांच्या भावापेक्षा ज्येष्ठच. ‘ज्येष्ठ नागरिक’ हा मात्र सरकारी शब्द झालाय आणि त्याला आकडा आहे. २००७ च्या आई-वडील व ज्येष्ठ नागरिकांविषयीच्या कायद्यात ६० वर्षे पूर्ण केलेली व्यक्ती ज्येष्ठ नागरिक. आयकरात ८० नंतर अतिज्येष्ठ. आपल्या एसटीत ७५ पूर्ण झाले की मोफत प्रवास. २०२४ च्या लोकसभा निवडणुकीत घरून मतदानाची सोय होती ८५ च्या पुढच्यांना.

‘वयोवृद्ध’ला असा आकडा नाही, पण भाषेची जाण आहे. पंचावन्न वर्षांच्या, रोज शेतावर जाणाऱ्या माणसाला बातमीत ‘वयोवृद्ध’ म्हटलेलं कानाला बरं वाटत नाही. ऐंशी-नव्वदीच्या माणसाला शोभतो तो. ‘वयोवृद्ध म्हातारे’ म्हणजे तीच गोष्ट दोनदा सांगणं. ‘वयोवृद्धामुळे चालता येत नाही’ हेही चूक, तिथे ‘वयोमानामुळे’ किंवा ‘वार्धक्यामुळे’ हवं. आणि हिंदीतला ‘वयस्क’ म्हणजे सज्ञान, प्रौढ. मराठीत वयस्क म्हणजे वय झालेला. हिंदी मजकुराचं भाषांतर करताना हा घोटाळा हमखास होतो.

“समजलं ना? मग झालं!”

असं म्हणणारे बरेच भेटतात. त्यांचं अगदीच चूक आहे असं मी म्हणणार नाही. बोलताना मूल ‘आमची म्हातारी’ म्हणालं तर त्याला टोकू नये. गावाकडे त्यात माया असते. कोशात ‘म्हातारा’ची व्युत्पत्ती ‘महत्तर’ अशी मिळते, म्हणजे अधिक मोठा. याच्या उलट ‘थेरडा’ बघा. तोही मुळात ‘स्थविर’, पालीत ‘थेर’, म्हणजे आदरणीय ज्येष्ठ भिक्खू. थेरवाद या नावात तोच शब्द अजून मानाने बसलाय. आपल्या तोंडी मात्र त्याची शिवी झाली. शब्द असे घसरतात आणि ते आपल्याच वापराने घसरतात. म्हणून वर्गात ‘म्हातारी’ चालेल, ‘थेरडी’ चालणार नाही, आणि का चालणार नाही हे मुलांना सांगायला हवं.

लिहिताना मात्र ‘समजलं ना’वर थांबू नये. आपल्याकडे म्हणतात ना, म्हातारी मेल्याचं दुःख नाही, पण काळ सोकावतो. एका फलकावरच्या ‘ध्द’ने आभाळ कोसळत नाही. पण मुलं पुस्तकापेक्षा फलक जास्त वाचतात, आणि जे रोज दिसतं तेच त्यांना बरोबर वाटायला लागतं.

आणि दुसऱ्या बाजूचा धोकाही मोठा आहे. चुकीला नुसते गुण कापत गेलो, तर मूल अवघड शब्दाची वाटच सोडतं. निबंधात सगळीकडे ‘म्हातारा’ लिहून मोकळं होतं. चूक होत नाही, पण शब्दही वाढत नाहीत. मला विचाराल तर ‘वयोवृध्द’ लिहिणारं मूल शब्द टाळणाऱ्या मुलापेक्षा पुढे आहे. त्याला फक्त द आणि ध ची जागा दाखवायची आहे.

एवढं करून बघा

शिक्षकांनी : महिन्यातून एक शब्द असा घ्या. फोड, उच्चार, कुटुंब, अर्थ आणि शेवटी मुलांची स्वतःची दोन वाक्यं. एक तासिका पुरते. शाळेच्या फलकावर काही लिहिण्याआधी मात्र आपणच एकदा तपासा.

पालकांनी : वही बघताना ‘परत लिही’ म्हणण्याऐवजी ‘हा शब्द कसा बनला, मला सांग’ म्हणा. घरात आजी-आजोबा असतील तर मुलाला त्यांच्याजवळ बसवा आणि विचारायला लावा : लहानपणी तुमच्याकडे नव्हतं आणि आता आहे, असं काय काय? उत्तरं त्याला वहीत लिहू द्या. वर शीर्षक लिहायला सांगा, ‘आमच्या घरातील वयोवृद्ध’.

ती उत्तरं लिहिताना वयाबरोबर माणसाचं काय काय वाढतं हे त्याला दिसेल. मग द आधी की ध आधी, हे त्याला दहा वेळा लिहून लक्षात ठेवावं लागणार नाही.