ड्रायव्हर हा निविदेचा विषय आहे

सरकारी खरेदीत यंत्राची किंमत तपासली जाते. त्याचे आयुष्य कोणी तपासत नाही. महादेवपुऱ्यातील एका कार्यालयात नकाशांवर खुणा करण्यासाठी घेतलेले पेन टॅब्लेट मी कपाटात पडलेले पाहिले. यंत्रे धडधाकट होती. संगणक बदलले, नव्या प्रणालीसाठी विक्रेत्याने ड्रायव्हर दिला नाही आणि जनतेच्या पैशाची अडगळ झाली. देशभरातील प्रोग्रॅमर जिथे नोकरीला येतात, तिथे ही गत!

ड्रायव्हर म्हणजे यंत्र आणि संगणक यांमधला दुभाषा. पेन कोठे टेकले, किती दाबले, याचे आकडे टॅब्लेट यूएसबीमार्गे पाठवतो. ते 'एचआयडी' या खुल्या मानकानुसार मांडलेले असतील, तर विंडोज वा लिनक्स ते स्वतःच वाचू शकते. पुष्कळ टॅब्लेट मात्र आरंभी साध्या माउससारखे वागतात. कंपनीचा विशिष्ट आदेश मिळाल्यावरच ते दाबाची माहिती देतात आणि तो आदेश कंपनीच्या ड्रायव्हरमध्ये दडलेला असतो. दुभाषा गेला की यंत्र मुके होते.

'हा तांत्रिक तपशील आहे, विक्रेता पाहील,' हे उत्तर मला मान्य नाही. वाकॉमचा ड्रायव्हर मॅक संगणकावर कोणते प्रोग्रॅम उघडले जातात याची माहिती गूगल अ‍ॅनालिटिक्सकडे पाठवतो, हे 2020 मध्ये एका प्रोग्रॅमरने दाखवून दिले. याच कंपनीच्या टॅब्लेटांसाठी लिनक्सच्या गाभ्यात असलेला ड्रायव्हर मात्र कोणालाही वाचता येतो. शासकीय संगणकात शिरलेली वस्तू कोणाशी बोलते, हा प्रशासनाचा प्रश्न नव्हे काय?

केंद्र शासनाने ई-प्रशासनासाठी 2010 मध्ये खुल्या मानकांचे आणि 2015 मध्ये मुक्तस्रोत सॉफ्टवेअरचे धोरण जाहीर केले. उणीव धोरणाची नाही, ते निविदेत उतरवण्याची आहे. तीन अटी पुरेशा आहेत. यंत्र खुल्या मानकावर चालावे. तसे नसेल, तर त्याच्या आदेशांची संपूर्ण माहिती खरेदीदारास द्यावी. आणि यंत्राच्या अपेक्षित आयुष्याइतका काळ ड्रायव्हर पुरवण्याची लेखी हमी असावी. अशाने स्पर्धा घटेल, असा आक्षेप घेतला जाईल. जो विक्रेता एवढेही देऊ शकत नाही, त्याची 'सर्वांत कमी' किंमत दुसऱ्या खरेदीच्या वेळी दुप्पट झालेली असते.

14 ऑक्टोबर 2025 रोजी विंडोज 10 चे नियमित साहाय्य संपले. संगणक आता बदलावे लागणारच आहेत. महाराष्ट्राबाहेर याच व्यवसायात असलेल्या वाचकांनो, निविदापूर्व बैठकीत तुम्ही टेबलाच्या पलीकडे बसता. तेथे ड्रायव्हरचा प्रश्न तुम्हीच विचारा. अलीकडून तो विचारण्याचे धैर्य आम्हांस येईल.