घराच्या किल्ल्या कंपनीच्या खिशात

मूल सज्ञान केव्हा होते, या प्रश्नाचे उत्तर आपल्या देशाने १८७५ सालीच कायद्यात लिहून ठेवले आहे – वयाच्या अठराव्या वर्षी. तोवर त्याने केलेला करार हा करारच नव्हे, हेही तितकेच जुने तत्त्व आहे. कोलकात्यातील धर्मदास घोष या अल्पवयीन तरुणाकडून एका सावकाराने त्याची मालमत्ता गहाण लिहून घेतली होती. प्रकरण प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेले आणि १९०३ साली ते गहाणखत शून्यवत् ठरले; सावकाराला दिलेली रक्कमही परत मिळाली नाही. परकीय राज्यातील न्यायासनालाही जे मान्य करावे लागले, ते आज समुद्रापलीकडच्या कंपन्या मान्य करीत नाहीत आणि आपणही त्यांना त्याबद्दल जाब विचारीत नाही. 'मला मान्य आहे' या बटणावर आपल्या घरातले तेरा वर्षांचे मूल रोज अंगठा उठवते. त्या अंगठ्याखाली काय लिहिले आहे, ते मुलाने वाचलेले नसते, आईबापांनीही नाही. सावकार मात्र या खेपेस निर्धास्त आहे.

हे तेरा आले कोठून? मानसशास्त्रातून नव्हे, शिक्षणशास्त्रातून तर नव्हेच. अमेरिकेने १९९८ साली मुलांच्या माहितीच्या संरक्षणाचा एक कायदा केला आणि तो २००० साली अमलात आला. तेरा वर्षांखालील मुलाची माहिती गोळा करायची तर पालकांची अनुमती घ्या, एवढाच त्याचा आशय. या कायद्याच्या कर्त्यांपैकी एक असलेले लोकप्रतिनिधी एड मार्की यांना ही मर्यादा सोळा हवी होती, असे त्यांनीच पुढे जाहीरपणे सांगितले आहे. वाटाघाटींत सोळाचे तेरा झाले. म्हणजे ज्या आकड्याला आज जगभर 'योग्य वय' म्हणून प्रतिष्ठा मिळाली आहे, तो एका परक्या संसदेतील देवघेवीचा अवशेष आहे! कंपन्यांनी तो उचलला आणि जणू निसर्गनियमच असावा तसा आपल्या उंबरठ्याच्या आत आणून ठेवला.

या आकड्याचा परिणाम काय होतो, ते गूगलच्या 'फॅमिली लिंक' या सोयीत दिसते. २०१७ पासून ही सोय आहे आणि सोय म्हणून ती वाईट नाही. मुलाच्या खात्यावर कोणते अ‍ॅप चढावे, रात्री फोन किती वाजता बंद व्हावा, कोणती संकेतस्थळे उघडू नयेत, हे सारे पालकांना आपल्या फोनवरून ठरवता येते. परंतु वर्षानुवर्षे प्रघात असा होता, की तेरावे लागताच आपले खाते स्वतः सांभाळण्याची आणि पालकांचे पर्यवेक्षण दूर करण्याची मुभा मुलाला मिळत असे, आणि ही वार्ता कंपनी स्वतः त्याला कळवीत असे. आईबापांची संमती? ती विचारण्याची गरज कंपनीला भासली नव्हती. जानेवारी २०२६ मध्ये या प्रकारावर पालकांनी आवाज उठवला, तेव्हा कोठे पर्यवेक्षण काढण्यास पालकांची अनुमती लागेल, असे कंपनीने जाहीर केले. इतकी वर्षे जे अशक्य होते ते ओरड होताच शक्य झाले. अडचण तंत्राची नव्हती, हे यावरून स्पष्ट व्हावे.

मग अडचण कशाची होती? तेही सरकारी दप्तरात नोंदलेले आहे. मुलांची माहिती पालकांच्या अनुमतीविना गोळा केल्याच्या आरोपावरून गूगल आणि यूट्यूब यांनी २०१९ साली अमेरिकेत १७ कोटी डॉलर भरून तडजोड केली. 'फोर्टनाइट' हा खेळ चालवणाऱ्या एपिक गेम्स कंपनीने २०२२ साली ५२ कोटी डॉलर मोजण्याचे मान्य केले. त्यांतील २७.५ कोटी मुलांच्या माहितीच्या प्रकरणी दंडाचे, तर २४.५ कोटी खेळाडूंना फसव्या बटणांद्वारे खरेदीस प्रवृत्त केल्याबद्दल परताव्याचे होते. मुलाचे लक्ष हा ज्यांच्या दुकानातला माल आहे, ते त्या दुकानाच्या दाराला भक्कम कुलूप स्वतः होऊन कशाला लावतील? कुलूप ते देतात, पण किल्ली सातव्या खणात ठेवतात आणि त्या खणाचे नावही दर काही महिन्यांनी बदलतात.

मात्र सारा दोष कंपन्यांच्या माथी मारून मोकळे होणे हा स्वतःशीच केलेला अप्रामाणिकपणा ठरेल. आपल्या घरांत काय चालते? दहा वर्षांच्या मुलाला खाते हवे असते, तेव्हा जन्मवर्ष विचारणारी चौकट येते आणि वडील हसत हसत २००५ लिहितात. 'नाहीतर उघडत नाही हो!' झाले. त्या क्षणापासून यंत्राच्या लेखी ते मूल प्रौढ झाले. मुलांसाठी म्हणून जे जे संरक्षण असते – मग ते शोधातील अश्लील चित्रे गाळणे असो, अनोळखी व्यक्तींचे संदेश अडवणे असो – ते या एका असत्याने गळून पडते. इन्स्टाग्रामने २०२४ पासून किशोरांसाठी वेगळी, अधिक बंदिस्त खाती सुरू केली आणि सोळाखालील मुलाला ती बंधने सैल करायची तर पालकांची अनुमती आवश्यक केली. परंतु ज्याचे वय कागदावर एकवीस आहे त्याला ही बंधने कशी लागू व्हावीत? मुलांना सत्य बोलण्याचे संस्कार देणाऱ्या घरात मुलाची आंतरजालावरील पहिली ओळखच खोट्या जन्मतारखेने व्हावी, हा विरोधाभास आपल्याला टोचत कसा नाही?

दुसरी गोष्ट आपल्या कुटुंबरचनेची. एक मूल, एक यंत्र, एक खाते असे गृहीत धरून या सोयी घडवल्या आहेत. आपल्याकडे आईचा फोन मुलाचा असतो, आजोबांचा फोन नातवाचा असतो, आणि दूरदर्शनसंच तर साऱ्यांचाच. आईच्या फोनवर आईचे, म्हणजे प्रौढाचे खाते असते. तेथे मुलांसाठीची कोणतीही गाळणी चालू नसते. फोनचा सांकेतिक आकडा मुलाला ठाऊक असतो, कारण पुष्कळदा तो फोन मुलानेच 'सेट' करून दिलेला असतो. आजी कौतुकाने सांगते, 'आमच्या बाळाला सगळं येतं!' त्या 'सगळं' या शब्दात काय काय येते, हे आजीला ठाऊक नाही. ते तिच्या मुलाला आणि सुनेला ठाऊक असायला हवे.

वेब मालिकांचेच पाहा. २०२१ च्या नियमांनी या मंचांना सर्वांसाठी, ७+, १३+, १६+ आणि प्रौढ असे वर्गीकरण करणे बंधनकारक केले; १३+ आणि त्यावरील गोष्टींसाठी पालकांच्या कुलपाची सोय देणेही बंधनकारक केले. सोय आहे. किती घरांत ती वापरली जाते? मुलासाठी चित्रांचा वेगळा कप्पा बनवला की आपले कर्तव्य संपले, असे आपण समजतो. शेजारी वडिलांचा कप्पा उघडाच असतो, आणि एका कप्प्यातून दुसऱ्यात जायला एका बोटाचा स्पर्श पुरतो. वडिलांच्या कप्प्याला आकडी कुलूप नसेल, तर मुलाचा कप्पा ही निव्वळ शोभा आहे.

वस्तुतः करण्याजोगे जे आहे ते एका रविवारच्या सकाळी होण्यासारखे आहे. मुलाचे खाते खऱ्या जन्मतारखेने काढावे आणि ते पालकांच्या खात्याला जोडावे. एकच फोन असेल तर त्यावर मुलासाठी निराळा वापरकर्ता करता येतो का, ते पाहावे. पैसे देण्याचा आकडा फोन उघडण्याच्या आकड्याहून वेगळा ठेवावा आणि मुलासमोर टाइप करू नये. घरच्या वाय-फायला संकेतस्थळांचे पत्ते पुरवणारी जी 'डीएनएस' नावाची यंत्रणा असते, तिच्या जागी अश्लील स्थळांचे पत्ते न देणारी यंत्रणा बसवता येते. क्लाउडफ्लेअरने २०२० पासून १.१.१.३ या क्रमांकावर ती विनामूल्य ठेवली आहे. अँड्रॉइडच्या नवव्या आवृत्तीपासून फोनमध्येही 'प्रायव्हेट डीएनएस' या नावाखाली अशी सोय आहे, आणि ती मोबाइल डेटावरही लागू पडते. केवळ वाय-फायवर विसंबणाऱ्यांनी हा भेद ध्यानी घ्यावा. आपल्या कार्यकर्त्यांत संगणक अभियंत्यांची वाण नाही. वस्तीतील चार घरांत जाऊन हे करून देणे, हे एखाद्या बौद्धिकाइतकेच मोलाचे काम होईल.

तरीही या गाळण्यांच्या मर्यादा ओळखून असावे. डीएनएस फक्त दाराचे नाव पाहते. दाराआड यूट्यूबवर किंवा इन्स्टाग्रामवर काय चालले आहे, ते तिला दिसत नाही. व्हॉट्सअ‍ॅपवरील मजकूर तर कूटबद्ध असल्याने वाटेतल्या कोणत्याही गाळणीला तो वाचता येत नाही. वर्गमित्रांच्या गटात आलेली घाण कोणतेही यंत्र अडवणार नाही. त्यासाठी मुलाने ती आईला दाखवण्याइतका विश्वास घरात असावा लागतो.

आपल्यातील काही मंडळी म्हणतील, 'सरकारने सरसकट बंदीच घालावी.' ती वाट आपण चालून पाहिली आहे. २०१५ च्या जुलैअखेरीस दूरसंचार विभागाने ८५७ अश्लील स्थळे बंद करण्याचा आदेश दिला आणि गदारोळ होताच काही दिवसांत तो सैल केला. २०१८ साली उत्तराखंड उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर ८२७ स्थळे पुन्हा बंद झाली. पाठोपाठ त्याच स्थळांची नवी नावे घेतलेली भावंडे उगवली. २०२० साली टिकटॉकवर बंदी आली, ती राष्ट्रहिताच्या दृष्टीने योग्यच होती. परंतु तिच्या पाठोपाठ त्याच वर्षी रील्स आणि शॉर्ट्स आल्या, आणि मुलाचा अंगठा त्याच गतीने वर सरकत राहिला. ऑस्ट्रेलियाने १० डिसेंबर २०२५ पासून सोळाखालील मुलांना समाजमाध्यमांवर खाते ठेवण्यास मनाई केली आहे, आणि न जुमानणाऱ्या कंपनीला ४.९५ कोटी ऑस्ट्रेलियन डॉलरपर्यंत दंड ठेवला आहे. दंड कंपनीला, मुलाला वा पालकांना नाही. हे तत्त्व मात्र आपण अवश्य उचलावे.

दुसऱ्या टोकाला व्यक्तिस्वातंत्र्याचे स्वयंघोषित रखवालदार आहेत. त्यांना पालकांच्या प्रत्येक कुलपात दडपशाही दिसते. मुलाचा प्रत्येक स्पर्श नोंदवून तो जाहिरातदाराला विकणाऱ्या कंपनीत मात्र त्यांना स्वातंत्र्याचा अरुणोदय दिसतो! आठ वर्षांच्या मुलाला मद्याच्या दुकानात एकटे न सोडणाऱ्या बापाला कोणी हुकूमशहा म्हणत नाही. त्यांच्या आक्षेपात एक कण सत्याचा आहे, तो घ्यावा. सोळा वर्षांच्या मुलीचे संदेश चोरून वाचणारी हेरगिरीची अ‍ॅप्स बाजारात आहेत आणि काही सुशिक्षित पालक ती अभिमानाने वापरतात. गाळणी लावणे आणि पाळत ठेवणे यांत अंतर आहे. गाळणी मुलाला सांगून लावावी, आणि वयाबरोबर ती विरळ करीत न्यावी. चोरून ठेवलेली पाळत उघडी पडली, की ते मूल पुढे काहीच सांगत नाही.

राहिला आपला कायदा. २०२३ च्या वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्याने बालकाची व्याख्या अठरा वर्षांखालील व्यक्ती अशी केली. तेराचा आयात आकडा आपल्या संसदेने झुगारला. त्याच्या नवव्या कलमानुसार मुलाची माहिती वापरण्यास पालकांची पडताळता येण्याजोगी संमती लागेल, मुलाचा माग काढण्यास आणि त्याच्यावर नेम धरून जाहिराती दाखवण्यास मनाई राहील. कसूर झाल्यास दंड २०० कोटी रुपयांपर्यंत. नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिसूचित झाले असून या तरतुदींना त्यापुढे अठरा महिन्यांची मुदत आहे, म्हणजे २०२७ चा मे उजाडेल. तोवर कंपन्यांचे वकील स्वस्थ बसलेले नसतील. सवलती, अपवाद, वयोमर्यादेत सूट, सारे मागितले जाईल. पालकांच्या बाजूने निवेदने कोण देणार आहे? आणि खोटी जन्मतारीख लिहिलेल्या खात्याला हे नववे कलम लागू कसे करायचे, हा प्रश्न संसदेला नव्हे, आपल्याच घरातल्या त्या २००५ लिहिणाऱ्या हाताला विचारावा लागेल.