'जैत रे जैत' आणि ठाकरांचा सूर

लोकसंगीत आणि आधुनिक संगीत यांच्या मिलाफाचा विषय निघाला की आपल्याकडे 'जैत रे जैत'चे नाव हमखास येते. गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरून जब्बार पटेलांनी केलेला हा १९७७ चा चित्रपट गाण्यांवरच उभा आहे, आणि ती गाणी 'ठाकरांची गाणी' म्हणून सर्रास सांगितली जातात. कर्जत-दहिवलीच्या आसपास, जिथे डोंगरउतारावर खरोखरच ठाकरवाड्या आहेत, तिथे राहून हे विधान ऐकताना ते तपासून पाहावेसे वाटते.

ही गाणी ना. धों. महानोरांनी लिहिली. महानोर अजिंठ्याच्या परिसरातल्या पळसखेड्याचे. त्यांच्या शब्दांतले रान कोरडवाहू शेतकऱ्याचे आहे. सह्याद्रीच्या पावसात भिजणाऱ्या, मध काढणाऱ्या ठाकराचे नव्हे. संगीतकार हृदयनाथ मंगेशकर हे उस्ताद अमीर खाँ यांचे शिष्य. ढोलाचा ठेका आणि समूहस्वर त्यांनी जरूर घेतले. पण त्यांवर उभी राहिलेली चाल रागसंगीतात मुरलेल्या रचनाकाराची आहे. गाणारे आवाजही लता मंगेशकर, आशा भोसले, रवींद्र साठे, चंद्रकांत काळे यांचे. म्हणजे नाग्या आणि चिंधी ठाकर आहेत, त्यांचा कंठ मात्र उसना आहे.

यात कलेच्या दृष्टीने काही उणे आहे असे मला वाटत नाही. राणीमाशीवर सूड उगवू पाहणारा नाग्या आणि नवऱ्याला सोडून आलेली चिंधी यांची कथा वास्तवाच्या पातळीवर घडतच नाही; ती दंतकथेच्या अंगाने जाते. दंतकथेला स्वतःची भाषा लागते, आणि महानोर-हृदयनाथांनी ती घडवली. त्या निर्मितीचे श्रेय त्यांना निःसंकोच द्यावे. आक्षेप आहे तो आपल्या वाचनावर. घडवलेल्या लोकसंगीताला आपण सापडलेले लोकसंगीत समजतो, आणि मग मूळ शोधण्याची गरजच उरत नाही.

ब्राझीलमध्ये १९२९ साली कोर्नेलियो पिरेस या लेखकाने खेड्यातल्या 'कायपिरा' गायकांनाच ध्वनिमुद्रिकेवर आणले. पुढे आल्मिर सातेर यांच्यासारख्या वादकाने खेड्यातल्या 'व्हिओला'ची ब्लूजशी सांगड घातली, तेव्हा ऐकणाऱ्यापाशी तुलनेसाठी मूळ सूर होता. काय घेतले, काय बदलले, हे त्याला सांगता येत होते. 'जैत रे जैत' ऐकणाऱ्या आपल्या विद्यार्थ्यापाशी असे काय आहे?

लोकसाहित्य शिकवणाऱ्यांनी एवढे तरी करावे. वर्गात या चित्रपटातले एखादे गाणे लावावे, आणि त्याच तासाला जवळच्या वाडीतल्या एखाद्या बाईने म्हटलेले गाणे, तिच्या परवानगीने आणि तिच्या नावासकट, ऐकवावे. मग महानोरांचे कर्तृत्व नेमके कुठे आहे तेही विद्यार्थ्याला उमगेल, आणि ठाकरांचे गाणे कोणाचे, हा प्रश्नही त्याला पडेल.