आवाज माझा, नक्कल कुणाची?

गेममधला रशियन गुंड ओरडतो आणि आपण गोळी झाडून मोकळे! त्या आवाजामागे कोण आहे, हे कोण बघतंय?

मार्क इव्हानीर हा अशा आवाजांपैकी एक. १९६८ मध्ये युक्रेनमध्ये जन्म, लहानपण इस्रायलमध्ये, तिथेच रंगभूमीवर काम. ‘शिंडलर्स लिस्ट’मध्ये (१९९३) तो दिसला, पुढे त्यानं अमेरिका गाठली. ‘अ लेट क्वार्टेट’मध्ये (२०१२) तो व्हायोलिनवादक झाला, पण ‘होमलँड’मध्ये पुन्हा रशियन हेरच. जोडीला गेम्सना आवाज देणं. बोलण्याच्या ज्या ढबीनं त्याला साच्यात बसवलं, तीच त्याची रोजीरोटी.

एआयचा घाला नेमका इथेच पडतो. काही रेकॉर्डिंग्ज मिळाली की मशीन ती ढब उचलतं. मग दोन वाक्यांच्या रोलसाठी माणूस कशाला बोलवायचा? हीरोचा आवाज टिकेलही. पोट भरणारी छोटी कामं आधी जातील. म्हणूनच अमेरिकेतल्या गेम कलाकारांनी जुलै २०२४ मध्ये संप पुकारला. जवळपास वर्षभरानं करार झाला : डिजिटल नक्कल करायची तर कलाकाराची संमती हवी.

कागदावर हक्क मिळाला. पण पहिलंच काम शोधणारा नवखा कलाकार ‘नाही’ म्हणू शकेल? खरी लढाई तिथे आहे.