सेब उकडायला दहा मिनिटं लागतात. ती कोणाजवळ आहेत, ते सांगा

आज जरा लांब लिहितो. पूर्ण वाचा, मग शिव्या द्यायच्या असल्या तर द्या.

विषय साधा आहे. सेब. पुस्तकात ज्याला सफरचंद म्हणतात ते. आणि ते उकडून, घोटून लहान लेकराला भरवायचा गर.

मागच्या आठवड्यात बाजारातून परतताना एका दुकानात थांबलो होतो. माझ्यापुढे एक बाई उभी होती. वय पंचविशीचं. साडीवर नवऱ्याचा जुना शर्ट, डोक्याच्या रुमालाला कापसाचे तंतू चिकटलेले. म्हणजे वेचणीवरून थेट आलेली. तिनं लेकराच्या खाऊचा डबा मागितला, वर सफरचंदाचं चित्र असलेला. नोटा मोजून दिल्या. दिवसभराच्या वेचणीचे बहुतेक पैसे त्या एका डब्यात गेले असतील.

मला राहवलं नाही. सवयच वाईट. म्हटलं, "ताई, एवढ्या पैशात दीड-दोन किलो सेब येते. घरीच उकडून द्या ना लेकराला."

तिनं माझ्याकडे पाहिलं आणि शांतपणे म्हणाली, "भाऊ, मले समजत नाही का? डॉक्टरनंही तेच सांगतलं. पन उकडन कोन? मी सकाळी आठले वावरात जातो, दिवेलागणीले येतो. लेकरू बुढीजवळ रायते. बुढीले धड दिसत नाही, गॅस पेटवाले भेते. डब्बा असला तं थर्मासातलं गरम पानी घेते अन् कालवते."

मी गप्प. खरं सांगतो, दुकानाच्या पायरीवर उभ्या उभ्या माझ्या डोक्यात एक पोस्ट तयार झाली होती. 'आजकालच्या आया आळशी झाल्या' या छापाची. तुम्ही सगळ्यांनी तिला दणादण लाइक दिले असते. ती पोस्ट मी तिथेच मारून टाकली. ही दुसरी लिहितोय.

आधी पाककृती सांगून टाकतो, कारण नुसती टीका करून लेकराचं पोट भरत नाही.

एक सेब घ्या. धुवा, साल काढा, मधला कडक भाग आणि बिया काढून टाका. बारीक फोडी करा. लहान गंजात फोडी आणि तीन-चार चमचे पाणी घाला, झाकण ठेवा, मंद आचेवर दहा-बारा मिनिटं ठेवा. फोड चमच्यानं सहज दबली की झालं. स्वच्छ चमच्यानं घोटा. लेकरू सहा-सात महिन्यांचं असेल तर चाळणीतून काढा. साखर नाही, मीठ नाही. वर्षाच्या आतल्या लेकराला मध तर अजिबात नाही, त्यातून विषबाधेचा धोका असतो. कच्च्या सेबाची फोड हातात देऊ नका, घशात अडकते. गंज मांडायचा कंटाळा असेल तर रात्रीच्या वरण-भाताच्या कुकरमध्ये फोडींची वाटी ठेवा. वेगळा गॅसही लागत नाही.

बस. एवढंच आहे ते. यात कंपनीचं कोणतंही गुपित नाही. फळाच्या पेशींना चिकटवून ठेवणारा पेक्टिन नावाचा पदार्थ उष्णतेनं सुटा होतो आणि फळ मऊ पडतं. गोडी त्याची त्यालाच असते.

आता सेबाबद्दलचा भ्रमही काढून टाकतो. कापलेलं सेब काळं पडतं म्हणजे त्यात लोह आहे, असं आपल्याकडे शिकलेली माणसंही सांगतात. खोटं आहे. फळातल्या एका द्रव्याचा हवेशी संबंध आला की रंग बदलतो. वांगंही काळं पडतंच की. सेबात लोह नावापुरतं असतं. देशातलं सुमारे पाऊण सेब जम्मू-काश्मीरमधून येतं. तिथून ट्रकनं निघून गिरडच्या बाजारात पोचेपर्यंत भाव चढलेला असतो. दवाखान्यात भेटायला जाताना नेतात म्हणून ते औषध होत नाही. आपल्या परसातल्या पेरूत सी जीवनसत्त्व सेबाच्या कितीतरी पट जास्त. पपईत सीसुद्धा आहे आणि डोळ्यांसाठी लागणारं अ सुद्धा. पेरू उकडून, बिया गाळून देता येतो. पिकली पपई आणि केळं तर उकडायचीही गरज नाही. सीताफळाचा गर मात्र शिजवू नका, कडू होतो. तो तसाच, बिया काढून द्या. आणि फळ म्हणजे जेवण नव्हे. सहा महिने पूर्ण झाले की अंगावरच्या दुधासोबत घट्ट वरण, मऊ भात, थोडं तूप, चालत असेल तर अंडं, हे लागतंच.

आता डब्याकडे येतो.

एप्रिल २०२४ मध्ये 'पब्लिक आय' या स्वित्झर्लंडमधल्या संस्थेनं आणि 'इब्फान' या बालआहारावर काम करणाऱ्या जाळ्यानं एक अहवाल काढला. नेस्ले कंपनीचं सेरेलॅक भारतात विकलं जातं त्यात वरून घातलेली साखर सापडली, एका वेळच्या खाण्यामागे सरासरी तीन ग्रॅमच्या जवळपास. आणि त्याच कंपनीचा तसाच खाऊ जर्मनी, ब्रिटनमध्ये साखर न घालता विकला जात होता. कंपनी म्हणाली, आम्ही भारतातले नियम पाळतो आणि पाच वर्षांत साखर तीस टक्क्यांपर्यंत कमी केली. त्याच वर्षी पुढे साखर न घातलेले प्रकारही बाजारात आणले. चांगली गोष्ट आहे. पण ओरड झाल्यावर साखर काढता येते, तर ओरड होण्याआधी का काढता येत नव्हती? जर्मनीतलं लेकरू लेकरू आणि आपलं काय उकिरड्यावरचं?

कायदा नाही असं नाही. बाळांच्या दुधाच्या आणि आहाराच्या डब्यांबाबत १९९२ चा कायदा आहे. २००३ मध्ये तो आणखी कडक केला. दोन वर्षांपर्यंतच्या बाळांच्या आहाराची जाहिरात करायला त्यानं बंदी आहे. आरोग्य कर्मचाऱ्यांना कंपनीनं भेटवस्तू देण्यावरही बंदी आहे. तरी डबा वावरातल्या मजुरणीपर्यंत पोचला. कसा पोचला?

माझं उत्तर असं आहे. त्याला जाहिरातीची गरजच उरली नाही. जी जागा आपण रिकामी सोडली, ती डब्यानं भरली.

आता तुमच्यातले काही जण लिहिणार, "आमच्या आयाही वावरात जात होत्या. आम्ही कुठे डब्यावर वाढलो?" बरोबर. मीही नाही वाढलो. पण जरा आठवा, तुम्हाला कडेवर घेऊन कोण फिरत होतं? बहुतेक घरांत मोठी बहीण. सात-आठ वर्षांची पोर. तिची शाळा त्यात गेली. आपण ज्याला 'जुनी चांगली पद्धत' म्हणतो, तिचं बिल आपल्या बहिणींनी भरलं आहे. आज ती पोर शाळेत जाते. जायलाच पाहिजे. पण तिच्या जागी कोण आलं? नवरा आला नाही. पंचायत आली नाही. सरकार अर्धवट आलं. डबा आला.

सरकार अर्धवट कसं, तेही सांगतो. अंगणवाडी योजना २ ऑक्टोबर १९७५ ला सुरू झाली, पन्नास वर्षं झाली तिला. तीन ते सहा वर्षांची मुलं अंगणवाडीत बसतात, गरम जेवतात. पण सहा महिने ते तीन वर्षांच्या लेकरासाठी तिथे काय आहे? वजन, लसीकरण आणि घरी न्यायचं पाकीट. लेकराला दिवसभर सांभाळणारं कोणी नाही. म्हणजे ज्या वयात घोटून, गाळून, दिवसातून चारदा भरवावं लागतं, त्याच वयात आपण पाकीट हातात देतो आणि म्हणतो, जा बाई, घरी जाऊन कर. घरी कोण आहे, हे कोणी विचारत नाही. २०१९ ते २१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात देशातल्या सहा ते तेवीस महिन्यांच्या लेकरांपैकी पुरेसा आहार मिळणारी जेमतेम ११ टक्के निघाली. शंभरातली अकरा. बाकीच्या एकोणनव्वद आया काय आळशी आहेत?

आणि रजेचं बोला. २०१७ च्या दुरुस्तीनं नोकरदार बाईला २६ आठवड्यांची पगारी प्रसूती रजा मिळाली. पन्नास किंवा जास्त कामगार असलेल्या ठिकाणी पाळणाघर सक्तीचं झालं. योग्यच झालं. पण कापूस वेचणारीला किती आठवडे? शून्य. मातृवंदना योजनेत पहिल्या लेकराला पाच हजार रुपये मिळतात, तेही हप्त्यांनी, कागदपत्रं जुळली तर. त्यात घरी किती दिवस बसता येतं, हिशेब तुम्हीच करा. २००५ च्या रोजगार हमी कायद्यात लिहिलं गेलं होतं की कामावर सहा वर्षांखालची पाच किंवा जास्त लेकरं असली तर त्यांना सांभाळायला एका बाईला मजुरी देऊन ठेवायचं. किती कामांवर तुम्ही अशी बाई पाहिली? आणि खाजगी वावरात तर ही तरतूदही लागू नाही.

हे सगळं मी कुठे बसून लिहितोय, तेही लक्षात घ्या. वर्धा जिल्ह्यात. १९३४ साली गांधीजींनी अखिल भारतीय ग्रामोद्योग संघ याच जिल्ह्यात काढला. वर्ध्याच्या मगनवाडीत कुमारप्पांनी हातसडीचा तांदूळ, गूळ, घाणीचं तेल यांवर काम केलं. गावात पिकतं ते गावातच नीट करून खा, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. त्या जिल्ह्यात आज पेरू झाडाखाली सडतो आणि लेकराच्या तोंडात डबा जातो. सभेत मात्र आपण गांधी जिल्हा, गांधी जिल्हा करत मिरवतो.

आपल्या टेकडीची कथा तुम्हाला मी काय सांगू. फरीदबाबांची थट्टा करणाऱ्या व्यापाऱ्यांच्या मालाचे दगड झाले, ते गोल दगड आजही लोक दाखवतात. मला त्या कथेतली एकच गोष्ट नेहमी जाणवते. दारात आलेल्याला हसू नये. दुकानात डबा मागणाऱ्या बाईला मी मनात हसलो होतो. चूक माझी होती.

मग करायचं काय? तीन गोष्टी.

एक, बाप्यांनो, हे तुमच्यासाठी. वर दिलेली कृती पुन्हा वाचा. त्यात बाईच पाहिजे असं कुठेही लिहिलेलं नाही. पानठेल्यावर अर्धा तास जातो तुमचा. त्यातली दहा मिनिटं द्या. तुमचंच लेकरू आहे.

दोन, ग्रामपंचायतीला स्वतःच्या उत्पन्नातला दहा टक्के वाटा महिला व बालकल्याणावर खर्च करावा लागतो. तो कशावर गेला, हा प्रश्न ग्रामसभेत विचारा. आणि मागणी करा की वेचणीच्या हंगामात तरी, ऑक्टोबर ते फेब्रुवारी, तीन वर्षांखालच्या लेकरांसाठी गावात पाळणाघर चालवा. एक खोली, दोन बाया, एक गॅस, एक गंज. सतरंजी मी देतो. अंगणवाडीलाच जोडून पाळणाघर चालवायची केंद्राची 'पाळणा' योजनाही आहे. तिच्यासाठी पंचायतीनं प्रस्ताव पाठवावा आणि त्याची प्रत ग्रामसभेत वाचून दाखवावी.

तीन, शेतमालकांनो, राग येईल पण ऐका. वेचणीला बाया मिळत नाहीत म्हणून तुम्ही दरवर्षी रडता. ज्या वावराजवळ लेकरू सांभाळायची सोय असेल तिथे बाई आधी जाईल. तुमच्या कापसाच्या भावातलंच गणित आहे हे.

कोणी म्हणेल, सेबावरून सुरू केलं आणि कुठल्या कुठे नेलं. मी कुठेच नेलं नाही. सेब उकडायला दहा मिनिटं लागतात. त्या बाईजवळ ती नाहीत. मधलं सगळं मी फक्त का नाहीत ते सांगितलं.

२६ जानेवारीची ग्रामसभा आहे. मी जाणार आहे. पत्रकार म्हणून मागच्या खुर्चीत वही घेऊन बसणार नाही, गावकरी म्हणून उभा राहून विचारणार आहे. लाइक देऊ नका. या.