टाकी पाडण्याआधी अहवाल दाखवा

या आठवड्यात आणखी एका तालुक्याच्या गावी जुन्या पाण्याच्या टाकीवर ‘धोकादायक बांधकाम’ अशी लाल अक्षरांतली पाटी लागली. खांबांचा गिलावा गळालेला, आतली सळई गंजून फुगलेली, लोखंडी शिडीच्या खालच्या पायऱ्या नाहीशा झालेल्या. शेजारीच नव्या योजनेची टाकी उभी आहे. जुनीत पाणी चढवणे बंद झाले त्या दिवसापासून तिच्याकडे कुणी फिरकले नाही. या स्तंभात मागे म्हटले होते तेच पुन्हा घडले: टाकी आधी कोरडी पडते, मग बेवारस होते, धोकादायक ठरते ती सर्वांत शेवटी.

अमेरिकेतल्या दोन छोट्या शहरांच्या टाक्या इथे शेजारी ठेवून पाहाव्यात. मिशिगन राज्यातल्या यप्सिलँटीची टाकी 1890ची. 147 फूट उंच, बाहेरून घडीव चुनखडीचा दगड, पायथ्याशी भिंत 40 इंच जाड आणि आत सुमारे साडेनऊ लाख लिटरची पोलादी टाकी. उंचावर काम करणाऱ्या मजुरांनी आपल्याला इजा होऊ नये म्हणून दगडातच क्रॉस बसवले. त्यांतला एक आजही दिसतो. 1956पर्यंत साऱ्या शहराची भिस्त या एका टाकीवर होती. नंतर दुसऱ्या टाक्या आल्या, तरी हिचे पाणी कुणी तोडले नाही. नळाला पाणी हिच्यातूनही येत राहिले, म्हणून डागडुजीही होत राहिली. 1981मध्ये ती राष्ट्रीय वारसा यादीत गेली, पण त्या वेळी ती कामावरच होती.

इलिनॉय राज्यातल्या कॉलिन्सव्हिलची गोष्ट उलटी. तिथली टाकी 1949ची, केचपच्या कारखान्यासाठी बांधलेली. कारखान्याच्या अध्यक्षांनी ती बाटलीच्या आकाराची करायला सुचवले आणि शंभर फुटी पायांवर सत्तर फुटी बाटली उभी राहिली. पुढे केचपचे उत्पादन गावाबाहेर गेले. पाण्याची गरज संपली, रंग उडाला, गंज चढला. 1990च्या दशकात ती पडायची वेळ आली तेव्हा गावकऱ्यांनी समिती केली, टी-शर्ट विकले, वर्गणी काढली. 80 हजार डॉलर जमले आणि 1995मध्ये बाटली पुन्हा रंगली. 2002मध्ये तीही राष्ट्रीय यादीत आली.

गावकऱ्यांच्या त्या चिकाटीला दाद द्यायलाच हवी. पण आपल्या नगरपालिकांनी गिरवावा असा धडा यप्सिलँटीचा आहे. काम बंद पडलेली वास्तू वाचवायला माणसांना जिवाचे रान करावे लागते. कामावर असलेली टाकी पाणीपुरवठ्याच्या वार्षिक खर्चातच सांभाळली जाते. नवी टाकी झाली की जुनीचा व्हॉल्व्ह कायमचा बंद करायचा, ही आपली रीत चुकीची आहे. सुस्थितीतली जुनी टाकी एखाद्या पेठेला किंवा अग्निशमनाला पाणी देऊ शकते.

दगडाचे आणि सिमेंट काँक्रीटचे आयुष्य सारखे नसते, हे खरेच. सळई एकदा गंजली की ती फुगते आणि काँक्रीट फोडते; अशा टाकीखाली मुले खेळत असतील तर ती पाडणेच योग्य. मात्र ते डोळ्यांनी पाहून ठरवायचे नसते. हातोडा चाचणी आहे, काँक्रीटचा गाभा काढून तपासता येतो, खांबांना नवे काँक्रीट वेढून बळकटी देता येते. या चाचण्या कुठल्या टाकीच्या झाल्या, कुठल्या टाकीच्या नाहीत, हे गावाला कळत नाही.

आणि दप्तराचे काय? टाकी कुणी बांधली, सळई किती जाडीची, पाया किती खोल, हे सांगणारा मूळ नकाशा पालिकेच्या कपाटात सापडत नाही. टाक्या गंजापेक्षा हरवलेल्या नकाशांमुळेच जास्त पडतात, असे या स्तंभाचे ठाम मत आहे. नकाशा नसला की अभियंता जोखीम घेत नाही आणि पाडण्याचा शेरा मारून मोकळा होतो.

तुमच्या गावच्या टाकीवर अशी पाटी लागली असेल, तर माहितीच्या अधिकारात अर्ज करा. संरचना तपासणीचा अहवाल, मूळ नकाशा आणि शेवटच्या दुरुस्तीची नोंद या तीन गोष्टींच्या प्रती मागा. शुल्क दहा रुपये आहे आणि उत्तराची मुदत 30 दिवसांची. पाडकामाची निविदा उघडण्याआधी तो अर्ज पोहोचला पाहिजे.